डावीकडची जागा

१

कांचन तो नवस बोलली तेव्हा दुपारचे पावणेचार झाले होते, आणि आत तिच्या नवऱ्याच्या, धनंजयच्या ऑपरेशनला सहावा तास लागला होता.

नवस बोलण्यात ती काही नवशिकी नव्हती. माहेर विट्याचं, आई व्रतावैकल्यांची. नवस कसा बोलायचा हे तिला स्वयंपाकाच्याही आधी शिकवलेलं. आधी देवाचं नाव घ्यायचं, मग देवाचं गाव. मग आपलं नाव, कुणासाठी मागतो ते, काय देणार आणि कधी देणार. यातलं एक जरी राहिलं तरी आई पुन्हा पहिल्यापासून म्हणायला लावायची. लेकीच्या, जुईच्या गोवराला, धनंजयच्या बँकेतल्या बढतीला, लखनौला बदली झाली तेव्हा घर धड मिळावं म्हणून, असे कितीतरी नवस ती बोलली आणि तिने ते वेळेत फेडले.

त्या दुपारी मात्र लखनौतल्या रायबरेली रोडवरच्या इस्पितळात, स्टीलच्या खुर्चीवर बसून, तिला काही सुचेना. वांगी सोडू? गोड सोडू? वर्षभर नवी साडी नको? एवढ्या मोठ्या मागण्यापुढे सगळं किरकोळ वाटायला लागलं. मग आपल्याजवळचं सगळ्यात आवडतं काय, ते तिने मनात शोधलं. सापडलं तेव्हा तिलाच लाज वाटली.

सव्वीस वर्षांचा संसार. सासरच्या भरल्या घरात, बदलीच्या गावी भाड्याच्या दोन खोल्यांत, दिवसभर कितीही भांडण झालेलं असो, निजताना धनंजयच्या डाव्या अंगाला तिची जागा. त्याचा पाय तिच्या पायावर, त्याचं नाक तिच्या मानेत. तिथे जे काही व्हायचं त्याविषयी ती कधी कुणाशी बोलली नव्हती. पण पोथी वाचताना ‘सुख’ हा शब्द आला की तिला देऊळ आठवायचं नाही, ती जागा आठवायची.

तेच तिने देऊन टाकलं.

“यांना घरी आण,” डोळे मिटून ती पुटपुटली. “यांच्या शेजारची माझी जागा मी सोडली. आजपासून ती तुझी.”

आणि अगदी कानाशी कुणीतरी म्हणालं, “बरं.”

तिने डोळे उघडले. शेजारच्या खुर्चीवर एक बाई फोनवर बोलत होती. तिच्यापलीकडे एक म्हातारे गृहस्थ पेंगत होते. त्यांच्यापैकीच कुणीतरी म्हणालं असेल. तेवढ्यात आतलं दार उघडलं, डॉक्टर मास्क खाली ओढत बाहेर आले आणि म्हणाले, “सब ठीक है, माताजी.”

त्या आनंदात एक गोष्ट तिच्या ध्यानातच आली नाही. तिने कुणाचंच नाव घेतलं नव्हतं.

२

धनंजय तेलीबागेतल्या घरी आला. कॅन्सरची गाठ गेली होती. तिच्याबरोबर आतड्याचा शेवटचा भागही गेला होता, आणि पोटाच्या डाव्या बाजूला एक लालसर तोंड आणि त्यावर चिकटवलेली पिशवी कायमची आली होती. पिशवी बदलायला तो इस्पितळातच शिकला. बाथरूमचं दार लावून घ्यायचा, कुणाला आत येऊ द्यायचा नाही. कांचनने चौक बाजारातून आणलेल्या, चिकनच्या भरतकामाच्या जुन्या कुर्त्याच्या मऊ खोळी शिवल्या, पिशवीवर घालायला. त्या तो घालायचा. “छान आहेत,” एवढंच म्हणाला.

तिने हॉलमधल्या दिवाणावर अंथरूण घातलं.

“टाके ओले आहेत. झोपेत माझा हात लागेल.”

टाके सुकले. मार्च गेला, एप्रिल गेला. अंथरूण दिवाणावरच राहिलं. नवस उघड सांगायचा नसतो, म्हणून ती काही सांगेना. आणि धनंजय काही विचारेना. तिच्या पावलांची चाहूल लागली की तो चादर पोटावर ओढून घ्यायचा. तो काय समजतोय ते तिला कळत होतं. तिला पिशवीची किळस येते, असं. तिला ओरडून सांगावंसं वाटायचं, आणि ती वरणाला फोडणी द्यायला जायची.

इस्पितळातली नर्स महिन्यातून एकदा फोन करायची. मोकळी बाई. तिने एकदा विचारलं, “और आप दोनों का? साथ सोना-वोना शुरू किया कि नहीं? पाउच खाली कर लो, तकिया लगा लो, बस. शरमाना किस बात का?”

फोन स्पीकरवर होता. धनंजयने पेपर तोंडासमोर धरला.

“जी सिस्टर, वो… दूध उतू जा रहा है,” म्हणत कांचनने फोन ठेवला. गॅसवर काहीच नव्हतं.

३

मे महिना लागला आणि लखनौची दुपार भट्टीसारखी झाली.

घराला आता ठरलेली लय आली होती. दीडला जेवण. दोनला धनंजय आडवा. पूर्वी जेवण झालं की “वामकुक्षी” म्हणत तो डाव्या कुशीवर वळायचा, कांचनकडे. आता डावी कूस बंद. उजव्या कुशीवर, दाराकडे तोंड करून तो निजायचा. कांचन पडदे ओढायची, कूलर लावायची, ओल्या वाळ्याच्या वासाने खोली भरली की दार लोटून स्वयंपाकघरात जायची. स्वयंपाकघराची आणि त्या खोलीची भिंत एकच. सनमायकाचा बॉक्सचा बेड. धनंजय आडवा झाला की एकदा करकरायचा, आणि तिला पलीकडे ऐकू यायचं.

एका बुधवारी तो दोनदा करकरला.

एकदा नेहमीसारखा. मग तिने तीन ताटं विसळली, तेवढ्या वेळाने पुन्हा. हळू, लांबत गेलेला आवाज. आजाऱ्याची झोप मोडू नये म्हणून कुणी आधी गुडघा टेकवावा, मग हात, मग जपून अंग सोडावं, तसा.

तिने नळ बंद केला. कूलरची घरघर तेवढी. कूस बदलली असेल, ती मनाशी म्हणाली.

चार वाजता धनंजय उठला आणि ती चादर सारखी करायला गेली. डावीकडच्या तिच्या उशीला मधोमध खळगा पडला होता. खाली गादीही दबलेली होती, खांद्यापासून टाचेपर्यंत. पण डावीकडे तर तो वळू शकत नव्हता.

असू दे. गादी कापसाची, अकरा वर्षं तिच्यावर निजलो, आपलाच खळगा तिच्यात मुरलेला असणार. तिने गादी थोपटली, उलटी केली, धुतलेली चादर ताणून अशी घातली की वर रुपया टाकला असता तर उडाला असता.

दुसऱ्या दिवशी दुपारी बेड दोनदा करकरला. चार वाजता खळगा होता.

तिसऱ्या दिवशी तिने उशीवर हात ठेवला. कूलरने खोली गार होती हे खरं. पण धनंजयच्या उशीला माणसाची ऊब होती, आणि तिच्या उशीतला गारवा विहिरीच्या आतल्या पायरीसारखा होता.

४

“आज हात फार गार होता तुझा,” धनंजय चहा पिताना म्हणाला.

“कधी?”

“दुपारी. हातात काय बर्फ धरून येतेस?”

त्याने दाढी केली होती. चार महिन्यांत पहिल्यांदा, कुणी सांगितल्याशिवाय. कांचनने कप खाली ठेवला. धनंजय बिस्किट बुडवत राहिला, ते तुटून चहात पडलं तरी त्याचं लक्ष नव्हतं.

“एक सांगू? रागावणार नाहीस ना? मला वाटलं होतं, तुला किळस येते माझी. तुझी चूक नव्हती ग. मलाच येते. आणि तू येऊन पाठीशी निजलीस, आणि हात कुठं ठेवलास तर त्याच्यावरच. पिशवीवर.” त्याने चष्मा काढून पुसला. “मी जागा होतो. वळून बघणार होतो, पण हे असं. वळताच येत नाही. म्हटलं, राहू दे. आहे ना.”

बायांनो, अशा वेळी काय बोलावं? मी नव्हते म्हणावं, तर त्याच्या तोंडावर चार महिन्यांनी उगवलेलं ते हसू आपल्याच हाताने पुसायचं. होते म्हणावं, तर जे कोण आहे त्याला घरचं म्हणून कबूल करायचं.

“चहा गार होईल,” कांचन म्हणाली.

त्या रात्री दिवाणावर तिने आपले हात एकमेकांना लावून बघितले. गरम होते. ती झोपेत चालत असेल का? भर दुपारी, हातात खरकटी ताटं असताना? दुसऱ्या दिवशी तिने मुद्दाम देव्हाऱ्यासमोर बसून बेड करकरताना मोठ्याने रामरक्षा म्हटली. दोन्ही आवाज ऐकले. ती इथे होती, याची ती स्वतः साक्षीदार होती.

५

धनंजय जास्त झोपायला लागला. आधी चारपर्यंत, मग पाच, मग सहा. जाग आली तरी त्याचं चित्त खोलीतच असायचं. जेवण अर्ध्यावर आलं. जुईने नेट उघडून बघितलं आणि निकाल दिला.

“मम्मी, दवाइयों का असर है. वीकनेस है. आप हर चीज़ में टेंशन क्यों लेती हो?”

“अगं, पण ते बोलतही नाहीत माझ्याशी.”

“अहो,” मग कांचनने धनंजयलाच विचारलं, “बोलत का नाही तुम्ही?”

“दुपारी बोललो ना सगळं,” तो म्हणाला.

“मी काय म्हणाले?”

“तू कुठं बोलतेस? तू ऐकतेस.” मग जरा कुरकुरत, “पण हल्ली तुला जागा फार लागते हं. आज मी अगदी काठावर आलो.”

जुई हसली. “पापा, बेड से गिर जाओगे!”

कांचन आत गेली. चादरीवर धनंजयच्या अंगाची घडी होती, बेडच्या उजव्या कडेला जेमतेम हातभर. बाकी सगळी गादी, डावीकडून मधली शिवण ओलांडून, दबलेली होती.

तिने टेप आणून मोजलं. हसू नका. आपलं मन खोटं बोलतंय का, हे बघायला माणूस दुसरं काय करणार? त्या दिवशी धनंजयकडे उरलेली जागा सोळा इंच होती. सोमवारी ती अकरा झाली.

६

लखनौत जेठ महिन्यातले मंगळवार मोठे. बडा मंगल म्हणतात. हनुमानाच्या नावाने चौकाचौकात मांडव पडतात, पूड़ी-सब्जी आणि सरबत वाटतात. त्या मंगळवारी जुई गल्लीच्या तोंडाशी सरबत वाटायला गेली होती. दोनच्या सुमारास शेजारच्या सरोज भाभी प्रसादाचा द्रोण घेऊन आल्या. साठीच्या, चार वर्षांपूर्वी नवरा गेलेला, जिभेने तिखट.

“क्यों री, तेरा मुँह क्यों उतरा है? आज के दिन भी? भाईसाहब कैसे हैं?”

कांचनने सांगायचं नाही असं ठरवलं होतं, आणि सगळं सांगितलं. नवस तेवढा वगळून. भाभी मध्येमध्ये “अच्छा… अच्छा” म्हणत होत्या. त्या तिसऱ्यांदा “अच्छा” म्हणाल्या आणि कांचन बोलता बोलता थांबली.

अच्छा. या गावात भाजीवाल्यापासून डॉक्टरपर्यंत सगळे “अच्छा” म्हणतात. त्या इस्पितळाच्या व्हरांड्यात मग “बरं” कोण म्हणालं होतं?

तिच्या हातातला द्रोण कलला, बुंदी फरशीवर सांडली. भाभींनी ती वेचली नाही. त्या बंद दाराकडे बघत होत्या.

“कांचन,” त्या हळू म्हणाल्या, “हमारे इनकी बीमारी में सबने कहा, अलग सोओ, इन्हें आराम मिलेगा. मैं आठ महीने बाहर सोई. आख़िरी दिनों में इन्होंने मुझसे कहा, सरोज, तुम आजकल दिनभर पास लेटी रहती हो, अच्छा लगता है.”

“मग? तुम्ही… आप क्या बोलीं?”

“मैं तो उस कमरे में सिर्फ़ दवा देने जाती थी.” भाभींनी पदराने ओठ पुसले. “पर वो इतने ख़ुश थे. मैंने हाँ कह दिया, कांचन. मैंने कहा, हाँ, मैं ही हूँ.”

बाहेर लाउडस्पीकरवर आरती चालली होती. भिंतीपलीकडे बेड करकरला. एकदा. मग तो दुसऱ्यांदा करकरला, आणि या वेळी तो आवाज जपून केलेला नव्हता. आपल्या घरात आपण अंग टाकतो तसा होता.

भाभी उठल्या. “तू अपना देख ले. मैंने नहीं देखा.” आणि चपला न घालता, हातात धरून गेल्या.

७

कांचन देव्हाऱ्यासमोर उभी राहिली. तिच्यापुढे कोडं सरळ होतं. नवस मोडला तर दिलेलं परत जातं, असं ती जन्मभर ऐकत आली होती. दिलेलं म्हणजे धनंजय. नवस पाळला तर उद्या दहा इंच, परवा आठ.

तिने हात जोडले, आणि आईने शिकवलं होतं तसं पहिल्यापासून म्हटलं.

“रेणावीच्या रेवणसिद्धा, मी कांचन धनंजय निकम, विट्याची लेक. चुकून दिलेलं आत्ता, या दुपारी, परत घेते आहे. यात पाप असेल तर माझ्या नावावर मांड. यांच्या नाही.”

आणि तिने दार ढकललं.

पडद्यांमधून हिरवट उजेड. कूलरची घरघर, ओला वास. धनंजय दाराकडे तोंड करून, बेडच्या अगदी कडेला. एक हात खाली लोंबत होता, बोटं फरशीला टेकलेली. चेहरा सुखी होता, आणि इतका बारीक की गालांची हाडं वर आली होती. पिशवीच्या चिकनच्या खोळीवर चार बोटांचे दाब उमटले होते. हात नव्हता, नुसते दाब. एक बोट उचललं गेलं आणि पुन्हा टेकलं.

त्याच्या खांद्यामागे चादर उंच होती.

तिची जागा पलीकडे होती. तिथे जायचं तर बेडच्या पायथ्याला वळसा घालायचा. सात पावलं. पाचव्या पावलाला तिला चादरीच्या टोकाशी एक टाच दिसली. क्षणभर. भेगा पडलेली, धुरकट, माणसाच्या टाचेपेक्षा लांब. मग ती आत ओढली गेली, झोपेत माणूस पाय आखडून घेतो तशी.

बस, एवढंच तिने पाहिलं.

“उठा,” कांचन म्हणाली. आवाज निघाला तो पाहुण्यांशी बोलतानाचा. “पुष्कळ दिवस झाले. ती जागा माझी आहे.”

काही हललं नाही.

“बरं, नका उठू,” ती म्हणाली, आणि चादर बाजूला सारून त्या खळग्यात निजली.

न पिळलेल्या धुण्यात निजावं तसा गारवा. पाठीला काहीतरी लागलं, आणि सरकलं नाही. तिने दात दाबले, धनंजयच्या अंगावरून हात नेला आणि खोळीवर, त्या दाबांवरच, तळवा ठेवला. तळव्याखालून एकेक बोट निसटायला लागलं. एक, दोन, तीन, चार. पाचवं. मग सहावं. सातव्यानंतर तिने मोजणं सोडलं.

पिशवी गुडगुडली. धनंजयने डोळे उघडले.

“कांचन?”

“हं. मीच.”

“आज गरम आहे हात.”

“माझा आहे म्हणून.” मग तिने सांगितलं. व्हरांडा, नवस, दिवाण, सगळं. त्याच्या मानेशी तोंड नेऊन, न थांबता. “मला किळस नव्हती हो. एक दिवसही नव्हती. मी तुमच्यासाठी जागा दिली, आणि बघितलंसुद्धा नाही कुणाला दिली.”

त्याच्या अंगावर शहारा आलेला तिला कळला.

“वेडी आहेस का तू?” तो म्हणाला. “मला न विचारता? निम्मी जागा माझी होती त्यात.” आणि मग हळू, “अजून आहे का ग मागे?”

“आहे.”

“मग?”

“मग काय. असू दे. तुम्ही इकडं वळा.”

“मला वळता येत नाही.”

“येतं. सिस्टर म्हणाली ना, तकिया लगा लो.” तिने आपली ती गार उशी ओढली, त्याच्या पोटाशी लावली, त्याच्या कमरेला हात घातला. इंच इंच करत, कण्हत, तो डावीकडे वळला. चार महिन्यांत पहिल्यांदा दोघांची नाकं समोरासमोर आली. मध्ये पिशवी. त्याने लगेच चादर शोधली.

“वास येतोय.”

“येऊ दे. माझ्या हातांना सव्वीस वर्षं लसणाचा येतोय, तुम्ही कधी काही म्हणालात?”

तो हसला, आणि हसता हसता रडला. तिने पिशवीवर हात ठेवला, मग खोळ वर करून आतही, त्या लालसर तोंडाच्या कडेच्या मऊ कातडीवर. तो शहारला, पण दूर झाला नाही.

“डॉक्टर म्हणाले होते, पहिल्यासारखं जमेल असं नाही.”

“पहिल्यासारखं कुणाला हवंय? आत्तासारखं करू.”

बाहेर कुणीतरी “बजरंगबली की जय” म्हणून ओरडलं, आणि दोघंही दचकून पोरांसारखी खुदखुदली. पुढचं सांगण्यासारखं आहे आणि नाही. गुडघे आडवे आले. उशी दोनदा घसरली. एकदा “अगं, पिशवी!” आणि एकदा “अहो, वेणी!” झालं. त्याचे ओठ कोरडे होते, त्यांना औषधाची चव होती, आणि तिला ती चव आवडली. देहाला जे आठवत नव्हतं ते हातांना आठवलं, आणि हातांना जमलं नाही ते नुसतं जवळ असण्याने झालं. तिच्या पाठीला तो गारवा सुरुवातीला टेकलेला होता. मग तो सरकला. गादी तिच्यामागे हळूहळू वर आली, कुणी उठून बसल्यावर येते तशी. कांचनने मागे वळून पाहिलं नाही. वळायला तिला वेळच नव्हता.

बेड एकदा करकरला.

थोड्या वेळाने धनंजय म्हणाला, “गेलं का?”

“बघितलं नाही मी,” कांचन म्हणाली. “पाय टाका ना माझ्यावर.”

त्याने टाकला.

८

तीन आठवडे ती धास्तीत होती. त्याचा श्वास जरा लांबला तरी तिचा अडकायचा. इस्पितळात तपासणीच्या दिवशी व्हरांड्यात ती खुर्चीवर बसलीच नाही, उभी राहिली. डॉक्टरांनी कागद वर-खाली बघितले आणि म्हणाले, “बढ़िया. वज़न भी बढ़ा है. क्या खिला रही हैं?”

“झुणका,” धनंजय म्हणाला, आणि कांचनचे कान लाल झाले.

दिवाण आता उभा करून गच्चीवर ठेवला आहे. दुपारी दोनला बेड वाजतो. किती वेळा, ते आता स्वयंपाकघरातून कुणी ऐकत नाही. एकदा जुई लवकर घरी आली आणि दार ठोठावत ओरडली, “मम्मी! दिन में कुंडी क्यों लगाई है?” आतून धनंजयने उत्तर दिलं, “तुझ्या मम्मीचं व्रत चालू आहे!”

सरोज भाभींनाही कांचनने गाठलं. चार वर्षं त्या पलंगाच्या एका कडेला निजत होत्या, दुसरी बाजू तशीच मोकळी ठेवून. “बीच में सोइए,” कांचनने सांगितलं. “दोनों तकिये आपके. पूरा बिछौना आपका. और मालिश का तेल लगाकर सोइए, अपने ही हाथों से.” भाभींनी तिला चार शिव्या दिल्या. आठ दिवसांनी सांगायला आल्या, की पहिल्या दिवशी फार रडले, आणि मग दुपारभर अशी झोपले की दूधवाला परत गेला.

तर बायांनो, हे व्रत तुम्हीही करा. याला चौरंग नको, नारळ नको, उपास नको. घरात कुणी आजारी असेल, कुणाचं काही कापून काढलेलं असेल, कुणाचं मूल गेलं असेल आणि दोघं दोन भिंतींकडे तोंडं करून निजत असाल, तर दुखेल, लागेल, काय वाटेल म्हणून आपली जागा सोडू नका. सोडली असेल तर आज दुपारी जा. उन्हं कलायच्या आत जा. जे जमेल तेवढं करा. नुसतं शेजारी आडवं झालात तरी पुष्कळ झालं. आणि हात ठेवाल तेव्हा गप्प ठेवू नका. काहीही बोला, भाजी काय करू विचारा, वाटलं तर भांडा, पण बोला. पाठमोऱ्या माणसाला कळलं पाहिजे, की मागे तुम्हीच आहात.